ठाणे व नवी मुंबईतील घरगुती सक्युलंट : कीड आणि बुरशीविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

येथील प्रश्न ठाणे आणि नवी मुंबईतील सदनिकांमध्ये, म्हणजे खिडकीच्या ग्रिलमध्ये, बाल्कनीत किंवा घरात वाढवल्या जाणाऱ्या मांसल पानांच्या आणि खोडांच्या झाडांविषयी आहेत. निवडुंग, कोरफड, जेड, एचेव्हेरिया, हॉवर्थिया, सान्सेव्हेरिया, अडेनियम, कलांचो आणि युफोर्बिया ही त्यांतली नेहमीची नावे. उत्तरांत औषधांचा उल्लेख येईल, परंतु बहुतेक वेळा आधी नेमके निदान आणि कुंडीभोवतीची हवा या दोन गोष्टी पाहाव्या लागतात आणि औषधाचा विचार त्यानंतर करावा लागतो.

ही झाडे आपल्याकडे पावसाळ्यातच इतकी का खराब होतात?

एचेव्हेरिया ही मुख्यतः मेक्सिकोच्या डोंगराळ भागातली, तर हॉवर्थिया, जेड आणि कोरफडीचे बहुसंख्य भाऊबंद आफ्रिकेतले. तिथे पाऊस कमी असतो आणि दिवस कितीही तापला तरी रात्र गार होते. ही झाडे पाणी वाचवण्यासाठी आपली पर्णरंध्रे दिवसा मिटून घेतात आणि रात्री उघडतात; त्यामुळे रात्रीचा गारवा आणि कोरडी हवा यांच्याशी त्यांचे सगळे गणित जुळलेले असते. हवामान खात्याने २०२० साली सुधारलेल्या तारखांनुसार मोसमी पाऊस मुंबईत साधारणपणे ११ जूनला पोहोचतो आणि ८ ऑक्टोबरला माघारी फिरतो. या चार महिन्यांत ठाणे खाडीच्या दोन्ही अंगांना रात्रीही उकाडा असतो, हवेत ओल भरलेली असते आणि कुंडीतली माती आठ-आठ दिवस वाळत नाही. बुरशीला याहून सोयीची परिस्थिती शोधून सापडणार नाही, आणि ओल्या मातीत श्वास कोंडलेली मुळे तिच्याशी झुंजू शकत नाहीत.

त्यातच आपण विकत घेतलेली अनेक रोपे पुण्याकडच्या किंवा कलिंपाँगसारख्या थंड गावांतल्या रोपवाटिकांत वाढलेली असतात. घोडबंदर रोडवरच्या नर्सरीत टवटवीत दिसणारे एचेव्हेरिया ऑगस्टपर्यंत लांबुडके आणि पिवळट होते, यात विकणाऱ्याने फसवले असे मानण्याचे कारण नाही. ज्यांना झाडांकडे लक्ष द्यायला फारसा वेळ मिळत नाही त्यांनी एचेव्हेरियाऐवजी हॉवर्थिया, गॅस्टेरिया आणि सान्सेव्हेरिया यांपासून सुरुवात करावी, असे माझे स्पष्ट मत आहे.

पानांच्या बेचक्यात कापसाच्या बोळ्यासारखे पांढरे काहीतरी दिसते. ही बुरशी आहे का?

बहुधा नाही. तो पिठ्या ढेकूण आहे. दातकोरणीच्या टोकाने तो पांढरा पुंजका अलगद उचलून भिंगाखाली पाहिल्यास आतमध्ये दोन-चार मिलिमीटर लांबीचा, लंबगोल, फिकट गुलाबी किंवा राखाडी रंगाचा मऊ कीटक दिसतो. अंगावर पिठासारखा मेणाचा थर आणि कडेने पांढरे बारीक धागे असतात. टोचले की तो संथपणे पाय हलवतो. बुरशी पाय हलवत नाही, आणि हा खुलासा वरकरणी विनोदी वाटला तरी निदानासाठी पुरेसा आहे.

हा कीटक झाडाचा रस शोषतो आणि साखरेचे प्रमाण अधिक असलेला चिकट द्रव बाहेर टाकतो. त्या चिकट थरावर पुढे काजळीसारखी काळी बुरशी धरते. काळी बुरशी दिसताच बुरशीनाशक फवारण्याची चूक सर्रास होते, परंतु ती बुरशी झाडाच्या आत शिरत नाही. कीड गेली की ती ओल्या फडक्याने पुसून निघते.

सोसायटीच्या बागेतली जास्वंद हे या किडीचे आवडते घर आहे. तिची नुकती जन्मलेली पिल्ले इतकी हलकी असतात की वाऱ्यावर वाहून येऊ शकतात, त्यामुळे तळमजल्यावरच्या जास्वंदीला कीड लागली असेल तर दुसऱ्या-तिसऱ्या मजल्यावरच्या ग्रिलमधल्या कुंड्याही तपासाव्यात. पपईवरचा पिठ्या ढेकूण २००८ साली कोइमतूर भागात प्रथम आढळला आणि त्यानंतर तो अनेक राज्यांत पसरला. तोही केवळ पपईवर थांबत नाही, जास्वंदीवरही राहतो.

पिठ्या ढेकूण घालवायचा कसा?

प्रथम ते झाड इतरांपासून वेगळे करावे. त्यानंतर औषधांच्या दुकानात मिळणारे ७० टक्क्यांचे आयसोप्रोपाइल अल्कोहोल कानाच्या काडीवरच्या कापसाला लावून प्रत्येक पुंजक्यावर टेकवावे. मेणाचा थर विरघळून कीटकाचा रंग तपकिरी होतो, तेव्हा तो मेला असे समजावे. पानांचे बेचके, पानांची खालची बाजू, गुलाबाकृती झाडाचा अगदी मधला कोंब आणि कुंडीच्या काठाखालची खाच या चार जागा हमखास राहून जातात. काम संध्याकाळी करावे आणि झाड सुकेपर्यंत उन्हात ठेवू नये. नाजूक जातींच्या बाबतीत आधी एका पानावर लावून दोन दिवस वाट पाहावी.

एकदा पुसले आणि काम झाले असे मात्र होत नाही. मादी मेणाच्या पिशवीत काहीशे अंडी घालते, त्या पिशवीच्या आत कोणतेही द्रावण नीट पोहोचत नाही, आणि उबदार हवेत साधारण महिन्याभरात पुढची पिढी तयार होते. म्हणूनच दर सात ते दहा दिवसांनी, किमान तीन वेळा, हेच काम पुन्हा करावे लागते. दुसऱ्या वेळी झाड स्वच्छ दिसते आणि माणूस तिसरी फेरी टाळतो. कीड परत येण्याचे हेच सर्वांत सामान्य कारण आहे.

झाडांची संख्या मोठी असेल तर पाण्याच्या जोरदार फवाऱ्याने कीड आधी धुऊन काढावी आणि मग साबणाचे सौम्य द्रावण फवारावे. भांडी घासण्याचे द्रव साबण पानांवरचे नैसर्गिक मेणही काढून टाकतात, म्हणून ते टाळलेले बरे. बागकामासाठी मिळणारा पोटॅशचा साबण वापरावा, किंवा रिठे रात्रभर भिजवून, कुस्करून, गाळून घेतलेले पाणी पातळ करून वापरावे. अर्ध्या तासानंतर साध्या पाण्याने झाड धुवावे आणि कुंडी तिरकी करून पानांच्या मधले पाणी काढून टाकावे. हे शेवटचे काम भर पावसाळ्यात टाळले तर किडीपासून वाचवलेले झाड कुजून जाते.

अल्कोहोल नसल्यास सॅनिटायझर चालेल का?

जेलच्या स्वरूपातला चालणार नाही. त्यात ग्लिसरीन, सुगंध आणि घट्टपणा आणणारे पदार्थ असतात आणि ते पानावर थर धरून राहतात.

पिठ्या ढेकणासारखाच, पण मोठा आणि भराभर चालणारा पांढरा किडा दिसला. तोही मारायचा का?

थांबावे. तो क्रिप्टोलिमस या परभक्षी भुंग्याची अळी असण्याची शक्यता आहे. हा भुंगा पिठ्या ढेकणांवरच जगतो आणि तो १८९८ साली ऑस्ट्रेलियातून भारतात मुद्दाम आणला गेला. त्याची अळी अंगावर लांब पांढऱ्या मेणाच्या झिपऱ्या बाळगते, त्यामुळे ती हुबेहूब पिठ्या ढेकणासारखी दिसते. मात्र ती आकाराने बरीच मोठी असते, एक सेंटिमीटरच्या आसपास वाढते आणि हात लावताच वेगाने सरकते. येऊरच्या बाजूला किंवा झाडी असलेल्या जुन्या सोसायट्यांत अशी अळी दिसल्यास त्या कुंडीवर काहीही फवारू नये आणि एक-दोन आठवडे तिला तिचे काम करू द्यावे.

कुंडीवर मुंग्यांची रांग लागली आहे. त्या झाड खातात का?

झाड खात नाहीत, पण रस शोषणाऱ्या किडीने टाकलेला गोड द्रव खातात, आणि त्या बदल्यात किडीचे तिच्या शत्रूंपासून रक्षण करतात. त्यामुळे मुंग्यांची रांग ही जवळपास नेहमीच वर कुठेतरी मावा, खवले कीड किंवा पिठ्या ढेकूण असल्याची खूण असते. कुंडीच्या तळाशी बशी ठेवून तीत पाणी भरण्याचा जुना उपाय सक्युलंटसाठी वापरायचा असेल तर कुंडी विटेच्या तुकड्यावर ठेवावी, म्हणजे तळाची भोके पाण्याला टेकणार नाहीत. बशीतले पाणी मात्र रोज बदलावे. डेंग्यू पसरवणारा एडिस डास असल्याच साठलेल्या स्वच्छ पाण्यात अंडी घालतो.

कुंडी बदलताना मुळांवर पांढरी भुकटी दिसली. ती खताची आहे का?

मातीत पर्लाइट मिसळलेले असेल तर त्याचे पांढरे दाणे टणक आणि मोकळे असतात. भुकटी मऊ असेल, मुळांना चिकटलेली असेल आणि कुंडीच्या आतल्या भिंतीवरही पांढरे डाग असतील, तर तो मुळांवर राहणारा पिठ्या ढेकूण आहे. वरून काहीच दिसत नाही, फक्त झाडाची वाढ थांबते आणि पाणी देऊनही पाने सुरकुतलेलीच राहतात. हॉवर्थिया आणि निवडुंग यांमध्ये हा प्रकार जास्त आढळतो.

सर्व माती झटकून पिशवीत बांधून टाकावी, मुळे वाहत्या पाण्याखाली धुवावीत, खराब झालेली मुळे कापावीत आणि उरलेल्या मुळांवर पातळ केलेले अल्कोहोल फवारून झाड पंख्याखाली तीन-चार दिवस सुकवावे. कुंडी उकळत्या पाण्याने धुवावी. प्लास्टिकची असेल तर ती टाकून देणे सोपे. आंतरप्रवाही, म्हणजे झाडाच्या रसातून सर्वत्र पसरणारे, कीटकनाशक वापरण्याइतके कारण मला घरगुती झाडांच्या बाबतीत क्वचितच दिसते, परंतु संग्रह मोठा असेल आणि कीड अनेक कुंड्यांत पसरली असेल तर इमिडाक्लोप्रिड लेबलवरील मात्रेत मातीत देता येते. ते मधमाश्यांना घातक आहे, म्हणून फुलावर आलेल्या झाडाला ते देऊ नये, आणि कोरफडीला तर कधीच देऊ नये.

निवडुंगावरचा पांढरा पुंजका चिरडल्यावर बोटांना गडद लाल रंग लागला. हे काय आहे?

ही कोचिनील कीड आहे. पिठ्या ढेकणाची ही नातेवाईक फड्या निवडुंगावर आणि त्याच्या जवळच्या जातींवर राहते आणि तिच्या अंगातला लाल रंग एकेकाळी सोन्याच्या भावाने विकला जात असे. रंगाचा उद्योग उभारण्याच्या इराद्याने १७९५ साली ही कीड ब्राझीलमधून भारतात आणली गेली, परंतु आली ती भलतीच जात. तिच्यापासून चांगला रंग मिळाला नाही, उलट माजलेला निवडुंग मात्र तिने फस्त केला, आणि पुढे निवडुंग आटोक्यात आणण्यासाठी तिचा हेतुपुरस्सर वापर झाला. घरातल्या कुंडीत ती दिसल्यास जुन्या दातब्रशला अल्कोहोल लावून घासून काढावी आणि वर पिठ्या ढेकणासाठी सांगितलेल्या तीन फेऱ्या इथेही कराव्यात.

खोडावर तपकिरी, टणक, नखाने उचकटणारे ठिपके आहेत.

ती खवले कीड. कवचामुळे फवारणी आत पोहोचत नाही, म्हणून नखाने किंवा मऊ ब्रशने खरवडणे हाच मुख्य उपाय. खरवडल्यानंतर अल्कोहोलचा बोळा फिरवावा.

उन्हाळ्यात निवडुंगाचा शेंडा गंजल्यासारखा तपकिरी झाला. हे वयाने होते का?

वयाने येणारा खरखरीतपणा बुडापासून सुरू होतो आणि वर्षानुवर्षे हळूहळू वर सरकतो. तपकिरी चट्टा शेंड्याच्या कोवळ्या भागापासून सुरू होत असेल तर लाल कोळीचा संशय घ्यावा. झाडाखाली पांढरा कागद धरून शेंड्याला दोन टिचक्या मारल्या आणि कागदावर पडलेले पेनाच्या टिंबाएवढे कण चालू लागले, तर संशय खरा ठरतो. कागदावर बोट फिरवल्यास लालसर रेघ उमटते.

कोळी हा कीटक नाही, त्याला आठ पाय असतात, आणि म्हणूनच कीटकांसाठीची अनेक औषधे त्याच्यावर चालत नाहीत. इमिडाक्लोप्रिडने तर कधी कधी तो वाढतो. कोरडी उष्ण हवा त्याला मानवते, त्यामुळे मार्च ते मेमध्ये आणि दिवसभर एसी चालणाऱ्या खोलीत तो अधिक दिसतो. तीस अंशांच्या आसपास त्याची एक पिढी साधारण आठवड्यात पूर्ण होते. पाण्याच्या फवाऱ्याने दर तीन-चार दिवसांनी झाड धुणे पुष्कळदा पुरते. ते पुरले नाही तर पाण्यात मिसळणारे ८० टक्के गंधक लिटरला २ ग्रॅम या प्रमाणात संध्याकाळी फवारावे. पारा ३२ अंशांच्या वर असताना गंधक फवारू नये, आणि नीमतेल किंवा इतर तेल वापरल्यानंतर किमान दोन आठवडे ते टाळावे. अन्यथा पाने भाजतात. शेंड्यावर पडलेला डाग मात्र कोणत्याच उपायाने जात नाही, नवी वाढ हिरवी आली की रोग आटोक्यात आला असे समजावे.

कुंडीला हात लावताच बारीक काळी चिलटे उडतात.

ही चिलटे माणसाला चावत नाहीत. ओल्या मातीतली बुरशी आणि कुजके अवशेष हे त्यांच्या अळ्यांचे खाद्य असते, क्वचित त्या कोवळी मुळेही कुरतडतात. अळ्या मातीच्या वरच्या दोन-तीन सेंटिमीटर थरात राहतात, म्हणून तो थर पूर्ण वाळू दिला की त्यांचे चक्र तुटते. उडणाऱ्या माश्यांसाठी पिवळे चिकट सापळे कुंडीत खोचावेत. डासांच्या अळ्यांसाठी वापरला जाणारा बीटीआय हा जिवाणू पाण्यात मिसळून दिल्यास या अळ्याही मरतात. खरे तर चिलटे हा इशारा आहे : या कुंडीत कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) जास्त आहे किंवा पाणी जास्त आहे, आणि पुढे मूळकूज येऊ घातली आहे.

एका रात्रीत अडेनियमची पाने नाहीशी झाली.

कण्हेरीच्या पतंगाची अळी शोधावी. ती बोटाएवढी, हिरवी असून डोक्यामागे डोळ्यांसारखे दोन निळे ठिपके आणि शेपटीकडे एक लहान शिंग असते. कण्हेर आणि अडेनियम एकाच कुळातली, त्यामुळे पाम बीच रोडसारख्या ठिकाणी दुभाजकावर कण्हेर लावलेली असेल तर हा पतंग जवळपास असणारच. अळी चिमट्याने उचलून दूर झाडीत सोडावी; पाने परत येतात. पाने कुरतडलेली आणि त्यावर वाळलेली चकाकती रेघ दिसली तर गोगलगाय समजावी आणि रात्री टॉर्च घेऊन वेचावी.

झाड बुडाशी मऊ आणि पिवळट झाले आहे. ते वाचेल का?

पाने स्पर्शाने गळत असतील, अर्धपारदर्शक दिसत असतील आणि खोड दाबल्यावर आत जात असेल, तर ती कूज आहे. अशा वेळी पाणी बंद करून वाट पाहणे म्हणजे झाड गमावणे होय. त्याच दिवशी झाड कुंडीतून काढावे.

निरोगी मुळे पांढरी किंवा फिकट तपकिरी आणि ताणल्यावर तग धरणारी असतात. कुजलेल्या मुळाची साल बोटांत निघून येते आणि आतला दोरा तेवढा उरतो, वासही येतो. खोड कुजलेल्या भागाच्या वरून धारदार पात्याने आडवे कापावे आणि काप नीट पाहावा. कापाच्या मध्यभागी तपकिरी किंवा लालसर वर्तुळ अथवा ठिपके दिसत असतील तर बुरशी रसवाहिन्यांतून वर चढली आहे. फ्युजेरियम नावाच्या बुरशीमध्ये हे चित्र नेहमी दिसते. पाते अल्कोहोलने पुसून आणखी अर्धा सेंटिमीटर वर कापावे, आणि संपूर्ण काप एकाच स्वच्छ रंगाचा दिसेपर्यंत हेच करत जावे. पाते न पुसता कापत गेल्यास आपणच रोग वर नेतो. युफोर्बिया आणि अडेनियम कापताना हातमोजे घालावेत, कारण युफोर्बियाचा चीक डोळ्यांत गेल्यास गंभीर इजा होते आणि अडेनियमचा रस विषारी असतो.

स्वच्छ काप मिळाल्यावर तो शेंडा कोरड्या कागदावर, थेट ऊन न येणाऱ्या जागी, पंख्याच्या वाऱ्यात ठेवावा. उन्हाळ्यात चार-पाच दिवसांत कापावर कोरडी खपली धरते. जुलै-ऑगस्टमध्ये दहा दिवसही लागतात आणि त्या काळात घाई करू नये. मग तो कोरड्या, भरभरीत मिश्रणावर नुसता टेकवून ठेवावा आणि मुळे फुटल्यानंतरच पाणी द्यावे. खोड पूर्ण गेले असेल तर एचेव्हेरिया, जेड आणि हॉवर्थिया यांची निरोगी पाने अखंड काढून त्यांपासून नवी रोपे करता येतात. लाल-पिवळ्या डोक्याचा कलमी निवडुंग याला अपवाद आहे. त्याच्या डोक्यात पुरेसे हरितद्रव्य नसते, त्यामुळे खालचा खुंट कुजला तर डोके नव्या खुंटावर कलम केल्याशिवाय जगत नाही.

कुजीसाठी कोणते बुरशीनाशक वापरावे?

येथे सर्वांत जास्त गोंधळ होतो. नर्सरीत कोणताही प्रश्न विचारला तरी बहुधा कार्बेन्डाझिमची पुडी हातात पडते. ५० टक्के कार्बेन्डाझिम लिटरला १ ग्रॅम या प्रमाणात फ्युजेरियम आणि रायझोक्टोनियासारख्या बुरशींवर उपयोगी पडते, हे खरे. परंतु पाणी साचलेल्या कुंडीत मुळे कुजवणारे पिथियम आणि फायटोफ्थोरा हे जीव दिसायला बुरशीसारखे असले तरी खऱ्या बुरशी नव्हेत, आणि कार्बेन्डाझिमचा त्यांच्यावर परिणाम होत नाही. त्यांच्यासाठी मेटालॅक्झिल आणि मॅन्कोझेब यांचे मिश्रण लागते. दोन्हींतला फरक घरी ओळखणे अवघड असल्याने औषधावर भिस्त ठेवण्यापेक्षा कुजलेला भाग कापणे आणि माती बदलणे अधिक भरवशाचे आहे. कुजलेली मुळे कोणत्याही औषधाने परत येत नाहीत. औषध फक्त उरलेल्या निरोगी भागाचे रक्षण करते.

ट्रायकोडर्मा ही उपकारक बुरशी रोगकारक बुरशींशी स्पर्धा करते, म्हणून नवीन मिश्रणात ती आधीच मिसळून ठेवणे उत्तम. कूज झाल्यावर ती घालून चमत्काराची अपेक्षा करू नये. कार्बेन्डाझिम आणि ट्रायकोडर्मा एकाच वेळी दिल्यास पहिले दुसऱ्याला मारते. दोहोंत किमान पंधरा दिवसांचे अंतर ठेवावे.

लेबल नसलेल्या, सुट्या पुडीतल्या पावडरी घेऊ नयेत. कीटकनाशके कायदा १९६८ चा आहे आणि त्याखालील नियमांनुसार प्रत्येक वेष्टनावर विषारीपणा दाखवणारा लाल, पिवळा, निळा किंवा हिरवा त्रिकोण असावा लागतो. घरात, विशेषतः लहान मुले असताना, लाल आणि पिवळ्या त्रिकोणाची औषधे आणण्याची गरज नाही.

पानांवरचे डाग बुरशीचे आहेत, उन्हाचे आहेत की आणखी कशाचे?

उन्हाने भाजल्याचा डाग सूर्याकडच्या बाजूलाच येतो, आधी पांढरट आणि मग तपकिरी होतो आणि त्यानंतर वाढत नाही. ऑक्टोबरमध्ये ढग हटून अचानक कडक ऊन पडते, तेव्हा चार महिने सावलीत राहिलेल्या झाडांवर असे डाग हमखास पडतात. बुरशीचा डाग कोणत्याही बाजूला येतो, त्यात एकात एक वर्तुळे किंवा काळे बारीक ठिपके दिसतात, आणि तो पसरतो. डागाच्या कडेने पेनाने पानावर खूण करून आठवडाभर पाहावे. डाग खुणेच्या बाहेर गेला तर करपा किंवा तत्सम रोग समजून ते पान काढून टाकावे आणि कॉपर ऑक्सिक्लोराइड लिटरला अडीच ग्रॅम या प्रमाणात एकदा फवारावे. पानाच्या खालच्या बाजूला बारीक, कोरडे, बुचासारखे फोड आले असतील तर मुळांनी पेशींना पेलवण्यापेक्षा जास्त पाणी शोषल्याची ती खूण आहे, रोग नव्हे.

पानांवर पांढरी पावडर आहे. ही भुरी का?

एचेव्हेरियाच्या अनेक जातींच्या पानांवर जन्मतःच निळसर पांढरी मेणाची भुकटी असते. ती सगळ्या पानांवर सारखी असते, बोट लागले की पुसली जाते आणि त्या पानावर परत येत नाही. ती झाडाचे संरक्षण असल्याने पुसू नये. भुरी डागाडागांनी येते, पुसली तरी परत येते आणि खालचे पान पिवळे पडते. कलांचो आणि जेड यांवर हिवाळ्यात दिवस उबदार आणि रात्री दमट असताना ती दिसते. अशा वेळी रोगट पाने काढून कुंड्यांतले अंतर वाढवावे, आणि गरज पडल्यास वर सांगितलेले गंधक वापरावे.

नीमतेल सगळ्यावर चालते का?

चालत नाही, आणि त्याच्याविषयीची श्रद्धा थोडी कमी झाली तर बरे होईल. नीममधील अझाडिरॅक्टिन कीटकाची कात टाकण्याची क्रिया बिघडवते, त्यामुळे परिणाम दिसायला दिवस लागतात आणि लहान पिल्लांवर तो अधिक होतो. १,५०० पीपीएमचे (दहा लाख भागांत १,५०० भाग अझाडिरॅक्टिन असलेले) तयार द्रावण लिटरभर कोमट पाण्यात ३ ते ५ मिली घालून लगेच वापरावे. सूर्यप्रकाशात ते लवकर निकामी होते आणि तेलाच्या थरावर ऊन पडले तर पाने भाजतात, म्हणून फवारणी सूर्यास्तानंतर करावी. भुकटी असलेल्या एचेव्हेरियावर ते मुळीच वापरू नये. भर पावसाळ्यात तेलाने माखलेली पाने वाळत नाहीत, तेव्हा जुलैमध्ये नीमतेलापेक्षा अल्कोहोलचा बोळा श्रेष्ठ.

दालचिनी, हळद, आंबट ताक यांचा उपयोग होतो का?

दालचिनीची पूड कापलेल्या जागी लावल्यास ती जागा लवकर कोरडी होते आणि तिच्यात बुरशीला रोखण्याचा गुणही आहे. मुळांवर मात्र लावू नये, तीही कोरडी पडतात. हळदीचे काम तसेच, परंतु सौम्य. ताक सक्युलंटवर नको. पानांच्या मधल्या खळग्यात ते साचते, आंबते आणि मुंग्यांना आमंत्रण मिळते.

मातीचे मिश्रण कसे असावे?

एक भाग लाल माती, अर्धा भाग चांगले कुजलेले गांडूळखत आणि दोन भाग बारीक खडी, विटांचा चुरा, प्युमिस (ज्वालामुखीचा हलका, सच्छिद्र दगड) किंवा पर्लाइट. बांधकामावरची क्रश सँड वापरायची असेल तर चाळून आणि धुऊन घ्यावी, नाहीतर तिच्यातली भुकटी सिमेंटसारखी बसते. खाडीकाठची वाळू खारट असते, ती आणू नये. नर्सरीतून आलेल्या झाडाच्या मुळांभोवती कोकोपीटचा घट्ट गोळा असतो. तो न काढता झाड नव्या मिश्रणात लावले तर बाहेरची माती कोरडी आणि आतला गोळा ओला अशी स्थिती होते.

पावसाळ्यात पाणी आणि जागा यांचे काय करावे?

बांबूची काडी कुंडीच्या तळापर्यंत खोचून दहा मिनिटांनी काढावी. तिला माती चिकटली किंवा ती गार लागली तर पाणी देऊ नये, मग शेवटचे पाणी देऊन कितीही दिवस झालेले असोत. पाऊस नैर्ऋत्येकडून तिरपा येतो, त्यामुळे पश्चिमेच्या आणि दक्षिणेच्या ग्रिलमधल्या कुंड्या वर पत्रा असूनही भिजतात. त्या जूनच्या सुरुवातीला आत घ्याव्यात किंवा पूर्वेच्या बाजूला हलवाव्यात. आत घेतल्यावर त्या कोपऱ्यात दाटीने न ठेवता पंख्याचा वारा लागेल अशा ठेवाव्यात. रोज काही तास फिरणारा साधा पंखा, माझ्या मते, या झाडांसाठी घरात असलेले सर्वांत स्वस्त बुरशीनाशक आहे.

फवारणी करताना शेजाऱ्यांची आणि घरातल्यांची काय काळजी घ्यावी?

बाल्कनीच्या कठड्याबाहेर हात काढून फवारल्यास औषध खालच्या मजल्यावर वाळत घातलेल्या कपड्यांवर जाते. कुंडी मोरीत किंवा ड्राय बाल्कनीत नेऊन फवारावी आणि वाळल्यावर परत ठेवावी. कोरफड खाण्यासाठी, केसांना किंवा चेहऱ्याला लावण्यासाठी वापरली जात असेल तर तिच्यावर कोणतेही रासायनिक औषध वापरू नये; शोभेची आणि वापराची अशा दोन कुंड्या वेगळ्या ठेवाव्यात. घरात मांजर किंवा कुत्रा असेल तर युफोर्बिया, कलांचो आणि जेड त्यांच्या तोंडी येणार नाहीत अशा उंचीवर ठेवावेत, कारण ती झाडे औषधाविनाही त्यांना बाधतात. हॉवर्थिया निर्धोक आहे.

नवीन रोप थेट इतरांजवळ ठेवावे का?

ठेवू नये. तीन ते चार आठवडे ते दुसऱ्या खिडकीत राहू द्यावे, कारण किडीची एक पिढी तेवढ्या काळात उघडी पडते. पहिल्याच दिवशी कुंडीतून काढून मुळे पाहावीत.

झाड केव्हा टाकून द्यावे?

शेंड्यापर्यंत कापूनही स्वच्छ काप मिळत नसेल, किंवा तीन फेऱ्यांनंतरही मधल्या कोंबात कीड येत राहत असेल आणि ते झाड सहज मिळणारे असेल, तर ते ठेवण्यात शहाणपणा नाही. एका झाडापायी बाकीची धोक्यात येतात. ते कंपोस्टच्या डब्यात किंवा सोसायटीच्या बागेत न टाकता पिशवीत घट्ट बांधून कचऱ्यात द्यावे. माती चांगली असेल आणि टाकवत नसेल, तर एप्रिल-मेपर्यंत वेगळी राखून ओलसर करावी, पारदर्शक प्लास्टिकमध्ये पातळ थरात पसरून बंद करावी आणि गच्चीच्या कडक उन्हात चार ते सहा आठवडे ठेवावी. त्यानंतर ती सक्युलंटखेरीज इतर शोभेच्या झाडांसाठी वापरावी.